देणे आधी, दान मागून

ऑक्टोबर २०२५ मध्ये देशभरातल्या प्रलंबित दरखास्तींचा आकडा सर्वोच्च न्यायालयापुढे आला, तेव्हा आमच्या वकीलसंघाच्या खोलीत दोन दिवस तोच विषय होता. ८ लाख ८२ हजारांहून अधिक दरखास्ती पडून आहेत आणि त्यांतल्या सुमारे ३ लाख ४१ हजार एकट्या महाराष्ट्रात. कोर्टाची पायरी न चढलेल्यांसाठी दरखास्त म्हणजे काय ते सांगतो. दावा जिंकला, हुकूमनामा हातात आला, तरी समोरचा पैसे देत नाही. मग त्या हुकूमनाम्याची बजावणी करा म्हणून पुन्हा कोर्टात जो अर्ज घालावा लागतो, ती दरखास्त. म्हणजे दरखास्तीच्या रांगेत उभी असलेली ही सगळी माणसे आपापला दावा जिंकलेली आहेत. हिंदुस्थानात पक्षकाराचे खरे हाल हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होतात, असे प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे इंग्रजी अमदानीतल्या लंडनमधल्या शेवटच्या अपील न्यायालयाने, १८७२ साली म्हटले होते. दीडशे वर्षे उलटली, हाल तेच आहेत.

बोलता बोलता चर्चा बक्षीसपत्रांवर आली आणि तिथे ती भरकटली. जप्ती न्यावी तर कळते की ऋणकोचे, म्हणजे देणेकऱ्याचे, घर किंवा जमीन मधल्या काळात मुलाला, बायकोला नाहीतर नातवाला बक्षीस दिलेली आहे. हा अनुभव दरखास्ती चालवणाऱ्या प्रत्येकाच्या गाठीला आहे. एका बाजूचे म्हणणे पडले, "बापाच्या कर्जापायी पोरांची घरे जप्त करणार का? उद्या कुठल्याच लेकराला बापाकडून काही घ्यायची सोय राहणार नाही." दुसरी बाजू तावातावाने म्हणाली, "कर्जबुडव्याच्या बायकापोरांच्या अंगावरचेही काढून घ्या, म्हणजे अद्दल घडेल." नंतर वर्तमानपत्रांतल्या पत्रांत आणि नातेवाइकांच्या बैठकीतही मी हाच वाद याच दोन सुरांत ऐकला. दोघांनीही मूळ प्रश्नाला हात घातलेला नाही.

माझे म्हणणे असे. डोक्यावर देणे उभे असताना, ते फेडायला पुरेसे मागे न ठेवता जो माणूस घरच्यांना मिळकत फुकट देतो, त्याची ती मिळकत त्या देण्यापुरती त्याचीच धरली पाहिजे. देणाऱ्याच्या मनात काय होते, घेणाऱ्याला काय ठाऊक होते, हे खोदत बसायचे कारण नाही. बक्षीस दिले त्या दिवशी देणाऱ्याकडे काय उरले, एवढे पाहावे. आणि ते दाखवण्याचा भार बक्षीस घेणाऱ्यावर असावा, कारण घरचे कागद घरच्यांकडेच असतात.

एक प्रकरण सांगतो, ओळख पटेल असे तपशील गाळून. एका सुतारमिस्त्रींनी एका गृहस्थांच्या नव्या बंगल्याचे लाकूडकाम केले. सागवानी चौकटी, दारे, जिन्याचा कठडा, बैठकीतला झोपाळा. हिशेबाअंती २ लाख ६० हजार रुपये यायचे राहिले. आज देतो, उद्या देतो करण्यात दीड वर्ष गेले, तेव्हा मिस्त्रींनी वकिलामार्फत नोटीस दिली. नोटिशीच्या पोचपावतीवरची तारीख आणि त्या बंगल्याचे बक्षीसपत्र दुय्यम निबंधकाकडे नोंदल्याची तारीख यांत अकरा दिवसांचे अंतर आहे. पुढे दावा, कैफियत, साक्षीपुरावे, असे करत हुकूमनामा व्हायला चार वर्षे लागली. जप्तीचा हुकूम डकवायला बेलिफ, दोन पंच, मिस्त्री आणि मी असे दारात उभे राहिलो. मुलगा बाहेर आला. त्याने प्लास्टिकच्या फोल्डरमधून सूची क्रमांक दोनची, म्हणजे दस्तनोंदणीच्या उताऱ्याची, प्रत काढून बेलिफापुढे धरली आणि मिस्त्रींना म्हणाला, "काका, घर माझ्या नावावर आहे. तुमचं जे काय असेल ते बाबांशी बोला." बाबा आत झोपाळ्यावर बसलेले दिसत होते. बेलिफाने हुकूम दारावर डकवला आणि मुलाची हरकत अहवालात लिहून घेतली. तो लिहीत होता तेवढा वेळ मिस्त्री चौकटीच्या सांध्यावरून अंगठा फिरवत, भेग कुठे पडली आहे का ते पाहत होते.

आता पहिल्या बाजूच्या प्रश्नाकडे येतो. बापाचे कर्ज पोराने का फेडायचे? खरे तर हा प्रश्न आपल्याकडे शतकानुशतके विचारला गेला आहे, आणि जुने उत्तर आजच्यापेक्षा कितीतरी कडक होते. पिता परगावी गेला, मेला किंवा संकटात बुडाला तर पुत्रपौत्रांनी ऋण द्यावे, असे याज्ञवल्क्य स्मृती सांगते. दारू, जुगार, बाहेरख्यालीपणा अशांपायी झालेले कर्ज तिने वगळले. इंग्रजी अमदानीतल्या न्यायालयांनी हे धर्मकर्तव्य म्हणून कायद्यात टिकवले. २००५ साली हिंदू उत्तराधिकार कायद्याच्या कलम ६ मध्ये दुरुस्ती झाली आणि त्यानंतरच्या कर्जांपुरते हे कर्तव्य संपले. संपले ते योग्यच झाले. मुलाचा पगार, त्याने स्वतःच्या कष्टाने घेतलेला फ्लॅट, सुनेचे माहेरचे दागिने यांना बापाच्या धनकोने, म्हणजे येणेकऱ्याने, हात लावता कामा नये, आणि कायदा लावूही देत नाही. मग त्या दारात मिस्त्री काय मागत होते? मुलाच्या कमाईतला एक रुपया नाही. जी वास्तू नोटीस पोचली त्या दिवशी बापाच्या मालकीची होती, तेवढीच ते मागत होते. "बापाचे कर्ज पोराच्या माथी" ही ओरड इथे मुळातच गैरलागू आहे. इथे उलट घडले आहे. कर्ज बापाकडेच राहिले, कर्ज फेडायचे साधन तेवढे पोराकडे गेले.

आणि दानाबद्दल बोलायचे तर त्याच याज्ञवल्क्य स्मृतीत एक श्लोक आहे. तो या वादात कोणीतरी काढायला हवा होता. "स्वं कुटुम्बाविरोधेन देयं दारसुतादृते । नान्वये सति सर्वस्वं यच्चान्यस्मै प्रतिश्रुतम् ॥" आपले आहे ते कुटुंबाला बाध न येईल अशा बेताने द्यावे, संतती असता सर्वस्व देऊ नये, आणि जे दुसऱ्याला देण्याचे कबूल केले आहे, ते देऊ नये. शेवटची अट पुन्हा वाचावी. पैसे देईन असे कबूल करून ज्याने मिस्त्रीकडून काम करून घेतले, त्याने ते पैसे ज्यातून द्यायचे ती वस्तू तिसऱ्याला देणे हे दानाच्या व्याख्येतच बसत नाही, असा याचा रोख मी समजतो. मराठीत याला हलवायाच्या घरावर तुळशीपत्र म्हणतात. दानाची मोठी परंपरा सांगणाऱ्यांनी परंपरेतली ही अट सोईने विसरू नये.

विरोधी बाजूचा सर्वांत वजनदार मुद्दा इतिहासाचा आहे, आणि तो मी महाराष्ट्राचा माणूस म्हणून मनापासून मान्य करतो. हुकूमनामा हा शब्द आपल्या खेड्यांनी सावकाराच्या तोंडून ऐकला. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला बाजारच्या दिवशी शेतकरी उठले, आणि पुढे पुणे-नगर भागात गावोगाव त्यांनी सावकारांच्या घरातले कर्जरोखे आणि हुकूमनामे बाहेर काढून जाळले. कोर्टाचा कागद जमीन गिळतो, हे त्यांनी पाहिले होते. अशा वेळी बापाने पोराच्या नावावर चार एकर केले असतील तर त्याला लबाड म्हणायला माझी जीभ रेटणार नाही. पण त्या उठावानंतर काय झाले तेही पाहायला हवे. १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा झाला. शेतकऱ्याची स्थावर मिळकत खास तारण दिलेली नसेल तर पैशाच्या हुकूमनाम्यात जप्त करता किंवा विकता येणार नाही, असे त्याने उघडपणे ठरवले. कोर्टाला मूळ व्यवहाराच्या खोलात जाऊन हिशेब तपासायचे अधिकार दिले. संरक्षण मिळाले ते कायद्याच्या पानावर, सर्वांना दिसेल असे, आणि ज्याला गरज होती त्यालाच. कर्जदाराने गुपचूप कागद फिरवून घेतलेल्या संरक्षणाला ही कसोटी कुठे असते? ते गरजवंताला मिळते तसेच बंगल्याच्या मालकालाही मिळते. उलट बंगल्याच्या मालकाला जास्त, कारण वेळेवर वकील गाठून दस्त करून ठेवण्याची अक्कल आणि ऐपत त्याच्याकडे असते.

शिवाय, आजचा हुकूमनामाधारक कोण आहे? या एका प्रश्नावर सगळा वाद उलटतो. बँका आणि मोठ्या वित्तसंस्था मोठे कर्ज सहसा तारण घेतल्याशिवाय देत नाहीत. तारण मिळकतीला चिकटलेले असते. ती मुलाला बक्षीस द्या नाहीतर नातवाला, बोजा तिच्याबरोबर जातो. २००२ च्या सरफेसी कायद्याने तर बँकेला तारणाच्या वसुलीसाठी दिवाणी कोर्टाचे दारही वाजवावे लागत नाही. त्यामुळे बक्षीसपत्राने बँकेचे सहसा काही बिघडत नाही. बिघडते ते तारण न घेता ज्यांनी विश्वास टाकला त्यांचे. सुतार, गवंडी, किराणा उधारीवर देणारा, जागा सोडल्यावर अनामत परत न मिळालेला भाडेकरू, बिल थकलेला छोटा पुरवठादार. आणि ज्यांनी विश्वासही टाकला नव्हता असेही लोक यात आहेत. विमा नसलेल्या टेम्पोखाली ज्याचा पाय गेला तो मजूर तारण कधी घेणार होता? थकलेल्या पोटगीसाठी फेऱ्या मारणारी बाई लग्नाच्या वेळी नवऱ्याच्या घरावर बोजा चढवून घेणार होती का? बक्षीसपत्र अभेद्य ठेवा असे म्हणणारे सावकाराविरुद्ध लढत आहेत असे त्यांना वाटते. प्रत्यक्षात त्यांच्या ढालीवर आपटतात ती हीच माणसे.

यावर आमच्यातलेच काही वकील म्हणतात, धनकोने आधीच जागे राहावे, दावा लावतानाच जप्ती मागावी. कायद्यात तशी सोय आहे; दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ३८, नियम ५. पण ती सोय जाणूनबुजून अरुंद ठेवलेली आहे, आणि अरुंद असावी हेही बरोबर. नुसता दावा लावला म्हणून प्रतिवादीचे घर गोठवता आले, तर कोणीही कोणाचेही नाक दाबील. विनातारण कर्ज या मार्गाने तारणी करून घेता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये स्पष्ट केले. दावा चालू असताना मिळकत हस्तांतरित करण्याला रोख लावणारे मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे कलम ५२ आहे, पण तेही वाद खुद्द त्या मिळकतीच्या हक्काचा असेल तरच लागू होते. नुसत्या पैशाच्या दाव्यात लागत नाही. याचा अर्थ असा की पैशाच्या दाव्यात हुकूमनामा होईपर्यंत प्रतिवादीचे हात आपण मोकळे ठेवतो, आणि निकालाआधी तो निर्दोष धरला जावा म्हणून ते ठेवायलाच हवेत. मग निकाल त्याच्या विरुद्ध लागल्यावर, मधल्या काळात त्या मोकळ्या हातांनी काय केले हे कडकपणे तपासण्याचा अधिकार तरी धनकोला नको का? आधीही बांधायचे नाही आणि नंतरही विचारायचे नाही, असे दोन्ही कसे चालेल?

कायदा याबाबत अगदी मुका नाही. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे कलम ५३ म्हणते की धनकोंची वसुली बुडवण्याच्या किंवा लांबवण्याच्या इराद्याने केलेले स्थावराचे हस्तांतरण, ज्याची वसुली अडली त्या धनकोला रद्द ठरवून घेता येते. यात संरक्षण कोणाला आहे? ज्याने सद्भावनेने आणि मोबदला देऊन मिळकत घेतली त्याला. दोन्ही अटी हव्यात. बक्षीस घेणाऱ्याने मोबदला दिलेला नसतो. तेव्हा "मला यातले काही ठाऊक नव्हते" हा मुलाचा बचाव खरा असला तरी पुरेसा नाही, हे कायदा करणाऱ्यांनी त्या काळीच ठरवले आहे. कलम १२८ तर आणखी पुढे जाते. देणाऱ्याने आपले सर्वस्व बक्षीस दिले, तर त्या वेळची त्याची सगळी देणी, मिळालेल्या मिळकतीच्या मर्यादेत, घेणाऱ्याने फेडायची. पण दोन्ही कलमांना भोके आहेत. १२८ ला "सर्वस्व" लागते. एखादा ओसाड तुकडा स्वतःच्या नावावर ठेवला की त्यातून सुटका. आणि ५३ ला "इरादा" लागतो. इरादा माणसाच्या मनात असतो, आणि तो सिद्ध करायची जबाबदारी ज्याला त्या घराचा उंबराही ओलांडू दिला जात नाही त्या धनकोवर.

चारशे वर्षांपूर्वी इंग्लंडमध्ये हाच पेच पडला होता. धनकोंना बुडवणाऱ्या दानपत्रांविरुद्ध तिथे १५७१ साली कायदा झाला आणि १६०१ मध्ये ट्वाइन खटल्याचा निकाल लागला. पिअर्स नावाच्या माणसाचे एकाला ४०० पौंड देणे होते आणि दुसऱ्याला २००. दुसऱ्याने दावा लावल्यावर पिअर्सने आपली सगळी जंगम मालमत्ता गुपचूप पहिल्याच्या, म्हणजे ट्वाइनच्या, नावाने दानपत्र करून दिली. मात्र मालमत्ता राहिली पिअर्सकडेच. मेंढ्यांची लोकर तोच कातरायचा, मेंढ्यांवर खूण तोच आपली घालायचा. न्यायाधीशांनी मनाचा ठाव घेण्याच्या भानगडीत न पडता बाहेर दिसणाऱ्या खुणा मोजल्या: सर्वस्व दिले, लपवून दिले, दावा चालू असताना दिले आणि दिल्यावरही ताबा सोडला नाही. आमच्या कोर्टातही मी हेच पाहतो, फक्त मेंढ्यांच्या जागी दुसरे काही असते. विजेचे बिल अजून वडिलांच्याच नावावर येते. वरच्या मजल्यावरचा भाडेकरू भाडे वडिलांच्याच खात्यात भरतो. जमीन असेल तर पीक त्यांच्याच नावाने बाजार समितीत जाते. कागद फिरला, घरातला घडा जिथला तिथे.

बचावाचा आणखी एक नेहमीचा पवित्रा आहे, त्यावर थोडे थांबतो. उलटतपासणीत अडचण होऊ लागली की मुलगा म्हणतो, "हे बक्षीस नावाचेच. वडिलांच्या बायपासचे पैसे मी भरले, बहिणीच्या लग्नाचा खर्च मी केला, त्या बदल्यात घर मिळाले." असे खरेच असेल तर मी ते मान्य करीन. एका धनकोला आधी फेडणे ही लबाडी होत नाही, हे प्रिव्ही कौन्सिलने १९१५ सालीच सांगून ठेवले आहे, आणि मुलगाही बापाचा धनको असू शकतो. पण मग दस्तात काय लिहिले? "नैसर्गिक प्रेम व जिव्हाळ्यापोटी, कोणताही मोबदला न घेता." हे वाक्य का लिहिले जाते? महाराष्ट्रात राहते घर किंवा शेतजमीन पती, पत्नी, मुलगा, मुलगी, नातू, नात किंवा मयत मुलाची पत्नी यांना बक्षीस दिली तर मुद्रांक शुल्क २०० रुपये आहे. स्थानिक संस्थेचा अधिभार लागत असेल तो वेगळा. तीच मिळकत मोबदला घेऊन विकली तर बाजारभावाच्या टक्क्यांनी शुल्क लागते. निबंधकापुढे मोबदला नाही असे सांगून सवलत घ्यायची आणि दरखास्तीत मोबदला होता असे सांगून मिळकत वाचवायची, हे कोर्टाने एका क्षणासाठीही ऐकून घेऊ नये. ही सवलत चांगल्या हेतूने दिलेली आहे, कुटुंबात वाटण्या शांतपणे व्हाव्यात म्हणून. ती सरकारी तिजोरीतून, म्हणजे त्या मिस्त्रींच्याही पैशातून येते. तिचा वापर त्यांनाच बुडवायला व्हावा?

आता ज्या मुद्द्यावर मला सर्वांत जास्त विचार करावा लागला तो सांगतो. समजा बक्षीस मुलीला दिले आहे. आपल्याकडे बहिणींनी हक्कसोडपत्रावर सही करावी, ही अपेक्षा अजून इतकी मुरलेली आहे की एखादा बाप मुलीच्या नावाने काही करतो तेव्हा मला बरेच वाटते. (माझ्या पाहण्यातल्या वादग्रस्त बक्षीसपत्रांत घेणारा बहुतेक वेळा मुलगाच असतो, मुलगी अपवादाने. तरीही.) तिने त्या जागेवर स्वतःच्या पैशाने दोन खोल्या चढवल्या, आठ वर्षे गेली, आणि मग बापाचा कोणी धनको उगवला. तिला रस्त्यावर आणायचे का? नाही. ज्या दिवशी बक्षीस दिले त्या दिवशी ते देणे अस्तित्वातच नसेल, तर मिळकत पूर्णपणे तिची. तिथे धनकोला तोंड उघडायचा अधिकार नको. देणे तेव्हाच होते, पण बापाने ते भागेल एवढे मागे ठेवले होते आणि पुढे तो धंद्यात बुडाला, तरीही मिळकत तिचीच. आणि या दोन्हींत न बसणारे बक्षीस असेल, तरी तिने स्वतः घातलेली भर वजा करून, तिला मिळाले त्याच्या किमतीपुरतीच जबाबदारी असावी; देणे भागवून मिळकत ठेवण्याची मुभा तिला आधी मिळावी. मालकीला कायम टांगती तलवार नको, म्हणून काळाची मर्यादाही हवी. १९२० च्या प्रांतिक नादारी (दिवाळखोरी) कायद्याने नादारीच्या अर्जाआधीच्या दोन वर्षांतली फुकट हस्तांतरणे रद्दबातल होऊ शकतील असे ठरवलेच होते. पैशाच्या हुकूमनाम्यासाठीही तसे करता येईल. मागणीची नोटीस पोचल्यानंतर किंवा तिच्या आधीच्या दोन वर्षांत जवळच्या नातलगाला दिलेले बक्षीस वसुली चुकवण्यासाठीच होते असे गृहीत धरावे, आणि मागे पुरेसे होते हे दाखवून घेणाऱ्याने ते खोडावे. त्याआधीच्या बक्षिसांना आजचाच नियम राहू द्यावा.

कुटुंबाच्या डोक्यावरचे छप्पर जाऊ नये, ही भावना तर कोणाला नाही? दुसऱ्या बाजूने जे अंगावरचे काढून घ्यायला निघाले आहेत, त्यांनी दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ६० वाचावे. अंगावरचे आवश्यक कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, धर्मरूढीप्रमाणे स्त्री अंगावेगळे करू शकत नाही असे दागिने, कारागिराची अवजारे, शेतकऱ्याची औते, बैल, बियाणे आणि त्याचे राहते घर हे सगळे जप्तीतून वगळलेले आहे. मिस्त्रींचा रंधा जसा जप्त होऊ शकत नाही, तसे मंगळसूत्रही नाही. हे संरक्षण अपुरे वाटत असेल तर वाढवा. पंजाबने दुरुस्ती करून, शेतकरी नसलेल्या ऋणकोचेही एक मुख्य राहते घर वगळले आहे. महाराष्ट्राने किमतीची कमाल मर्यादा घालून तसे करावे, मी पहिला पाठिंबा देईन. अगदी १८७४ च्या विवाहित स्त्रियांच्या मालमत्तेच्या कायद्यानेही नवऱ्याने बायकामुलांसाठी काढलेला आयुर्विमा धनकोंच्या हाताबाहेर ठेवला आहे, आणि तो धनकोंना बुडवण्यासाठीच काढला असेल तर अपवाद, असेही त्याच कलमात लिहून ठेवले आहे. संरक्षण द्यावे ते असे, सीमा आखून. सध्या घडते ते असे की दोन खोल्यांत राहणारा, कागद करायचे न सुचलेला माणूस घर गमावतो आणि नोटीस आल्या आल्या निबंधकाकडे धावणारा बंगला राखतो.

बक्षीसपत्र म्हणजे काही पवित्र गोष्ट, ते मोडले की कुटुंबसंस्था मोडेल, असेही एक म्हणणे आहे. पण आपल्याच कायद्यांनी ते किती ठिकाणी बाजूला सारले आहे पाहा. म्हाताऱ्या आईबापांचा सांभाळ करायच्या अटीवर घर घेऊन मुलगा त्यांना विचारीनासा झाला, तर २००७ च्या ज्येष्ठ नागरिक कायद्याच्या कलम २३ खाली ते बक्षीस रद्द होते, आणि आपण सगळे त्याला योग्य म्हणतो. मिळकतीच्या उत्पन्नातून पोटगी मिळण्याचा ज्याचा हक्क आहे त्याला, मिळकत फुकट दिलेली असेल तर ती घेणाऱ्याविरुद्धही तो हक्क बजावता येतो. मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे कलम ३९. ठेवीदारांच्या पैशांवर डल्ला मारणाऱ्यांसाठी महाराष्ट्राने १९९९ साली केलेल्या कायद्यात, सद्भावनेने आणि मोबदला देऊन न घेतलेल्या मिळकतीच्या बदल्यात घेणाऱ्याची मालमत्ता जप्त करण्याची तरतूद आहे. आणि सरकारने स्वतःच्या करासाठी काय केले? १९६१ च्या आयकर कायद्याच्या कलम २८१ ने, कारवाई चालू असताना केलेले हस्तांतरण कराच्या मागणीपुरते सरळ निरर्थक ठरवले. तिथे इरादा सिद्ध करायची गरजच ठेवली नाही. पुरेसा मोबदला आणि अनभिज्ञता, नाहीतर अधिकाऱ्याची पूर्वपरवानगी, यांपैकी काही दाखवायचे असेल तर ते घेणाऱ्याने दाखवायचे. सरकारला स्वतःच्या येण्यासाठी जे शस्त्र लागते, ते सुताराला त्याच्या येण्यासाठी नको, याचे कारण मला अजून कोणी सांगितलेले नाही.

कायदा बदलेपर्यंतही बरेच करता येईल. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ च्या नियम ५८ मध्ये १९७६ साली दुरुस्ती झाली तेव्हापासून, जप्त मिळकतीवर त्रयस्थाने घेतलेल्या हरकतीतले मालकीचे सगळे प्रश्न दरखास्तीच्या कोर्टानेच ठरवायचे आहेत. स्वतंत्र दावा लावायला सांगणे तिथेच संपले. धनकोला कलम ५३ चा मुद्दा बचाव म्हणूनही घेता येतो, हे सर्वोच्च न्यायालयाने १९६३ मध्ये सांगितले आहे. त्यासाठी सगळ्या धनकोंच्या वतीने वेगळा दावा लावण्याची गरज नाही. दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढा, असे त्याच न्यायालयाने २०२१ मध्ये सांगितले आणि मार्च २०२५ मध्ये पुन्हा बजावले. तरीही "हस्तांतरणाला आव्हान द्यायचे तर वेगळा दावा करा" हे वाक्य मी आजही ऐकतो, आणि ते ऐकून परत जाणारे पक्षकार पाहतो. वेगळा दावा म्हणजे आणखी सात-आठ वर्षे. वयाच्या साठीत हुकूमनामा मिळालेल्या माणसाला हे सांगणे म्हणजे पैसे विसर म्हणण्यासारखेच आहे.

मिस्त्रींच्या प्रकरणात मुलाच्या हरकत अर्जाची चौकशी आता शेवटाकडे आली आहे. उलटतपासणीत मी त्याला एकच गोष्ट तीन तऱ्हांनी विचारली. बंगला तुम्हाला दिला त्या दिवशी वडिलांच्या नावावर दुसरे काय होते? आधी तो म्हणाला, आठवत नाही. मग म्हणाला, पेन्शन होती. तिसऱ्यांदा त्याने न्यायाधीशांकडे पाहिले आणि म्हणाला, "एक स्कूटर होती." ते उत्तर नोंदले गेले. मिस्त्री मागच्या बाकावर बसले होते. बाहेर आल्यावर त्यांनी पिशवीतून हुकूमनाम्याची प्रमाणित प्रत काढली, घडीवर फाटत चालली होती म्हणून तिला मागून चिकटपट्टी लावलेली होती, आणि विचारले, "साहेब, दुसरी नक्कल काढून ठेवू का? ही निकालापर्यंत टिकायची नाही."